ऐकणाऱ्याचा वाटा

कथनशास्त्र म्हटलं की विद्यार्थी ॲरिस्टॉटल, प्रॉप ही नावं वहीत उतरवून घेतात. ती हवीतच. पण अमरावतीत मराठी शिकवताना आणि सणासुदीला अकोल्याच्या घरी जाता-येता माझ्या ध्यानात आलं, की एकच गोष्ट तोंडी, पोथीत, कीर्तनात, रंगमंचावर, पडद्यावर कशी वागते हे पाहायचं तर वऱ्हाडात मालाची कमी नाही. माझ्या पदरी पडलं ते असं.

१. आधी विचारा, सांगतंय कोण?

महानुभाव पंथाच्या चक्रधरस्वामींच्या आठवणी म्हाइंभटांनी गोळा केल्या, त्या इ.स. १२७८च्या सुमारास रिद्धपुरात लीळाचरित्र म्हणून सिद्ध झाल्या. हा माणूस गावोगाव हिंडला. ज्यानं स्वतः पाहिलं, ऐकलं, त्याला गाठून त्यानं विचारलं. लीळा कुठे घडली, जवळ कोण होतं, हे तो सांगत जातो. सांगणाऱ्यांच्या आठवणीत फरक पडला, तर तोही महानुभाव परंपरेनं पाठभेद म्हणून जपला. त्यामुळे वाचकाला स्वस्थ बसता येत नाही. कुणाचं ऐकायचं, किती मानायचं, हे तोलण्याचं काम त्याच्या अंगावर येतं. रिद्धपुरात आता मराठी भाषा विद्यापीठ आहे. गोष्टीच्या अभ्यासाचा पहिला धडा मात्र तिथे साडेसातशे वर्षांपूर्वीच गिरवून झालाय.

२. प्रसंगातून उचललेली गोष्ट हलकी होते.

याच लीळांमधले दृष्टान्त केसोबासांनी वेगळे काढले आणि ११४ दृष्टान्तांचा दृष्टान्तपाठ केला. सूत्र, दृष्टान्त, दार्ष्टान्तिक अशी त्याची बांधणी. हत्ती आणि आंधळे ही आपल्याला शाळेपासून ठाऊक असलेली गोष्ट त्यात आहे. लीळेत कुणीतरी काही विचारतं, कुठेतरी अडतं, म्हणून स्वामी गोष्ट सांगतात. दृष्टान्तपाठात तो विचारणारा मागे राहतो आणि सिद्धान्त पुढे येतो. पाठांतराला, प्रवासाला ही सोय फार चांगली. पण अडलेला माणूस गेला की त्याच्या अडचणीतून गोष्टीकडे जायची वाट बंद होते. सकाळी सकाळी मोबाइलवर येणाऱ्या बोधकथा पाहा. कुणाला, कधी, का सांगितली, याचा पत्ताच नसतो. म्हणून आपण 'छान' म्हणतो आणि पुढे ढकलतो.

३. जागाही गोष्ट सांगते, आणि बदलून सांगते.

चिखलदऱ्याला गेलात की कुणीही सांगेल : भीमानं कीचकाला मारलं आणि या दरीत फेकलं. जवळच वैराट आहे, म्हणजे विराट राजाची नगरी. भीमानं हात धुतले ते भीमकुंडही आहे. महाभारतात मात्र दरी नाही. तिथे वध होतो रात्री, नर्तनशाळेच्या अंधारात. प्रेत ओळखू येऊ नये इतकं चेचलेलं असतं, आणि कीचकाचे भाऊ सैरंध्रीलाही, म्हणजे वेश पालटून राहिलेल्या द्रौपदीलाही, त्याच्या चितेवर जाळायला नेतात. म्हणजे ग्रंथाला अंधार लागतो, दरीला पडणं लागतं. कड्यावर उभं राहून खाली पाहताना तुमच्या पोटात जो गोळा येतो, तोच इथला निवेदक. चित्राची गरज आणखी निराळी. राजा रविवर्म्यानं सैरंध्री रंगवली ती वधाच्या वेळची नाही. कीचकाकडे जायच्या आधीची, भ्यालेली. चित्राला एकच क्षण मिळतो, आणि जाणता चित्रकार असा क्षण निवडतो की पुढचं सगळं बघणाऱ्याच्याच मनात घडावं.

४. सगळं दाखवलं की प्रेक्षकाला काम उरत नाही.

कीचक पुढे रंगमंचावर गेला. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांचं 'कीचकवध' १९०७ साली आलं. कीचक म्हणजे लॉर्ड कर्झन, द्रौपदी म्हणजे देश, सबुरी सांगणारा युधिष्ठिर म्हणजे मवाळ आणि भीम म्हणजे जहाल, हे नटांनी सांगायची गरज नव्हती. प्रेक्षक ते घरूनच घेऊन येत. सरकारलाही ते कळलं आणि १९१० साली नाटकावर बंदी आली. बंदी घातली नाटकावर, पण तिचा खरा रोख होता प्रेक्षकांच्या डोक्यात चालणाऱ्या खेळावर.

दहा वर्षांनी, १९२० साली, बाबूराव पेंटरांनी कोल्हापुरात 'सैरंध्री' हा मूकपट काढला. त्यात वध इतका खरा वठला की लोक हादरले आणि त्या दृश्याला कात्री लागली. पुढे १९३३ साली 'प्रभात'नं त्याच नावाचा बोलपट रंगीत करायचा घाट घातला, प्रती जर्मनीत काढून घेतल्या. रंग काही मनासारखे उतरले नाहीत. कथा तीच, पण नाटक लोकांना विचार करायला लावत होतं आणि मूकपट डोळे मिटायला लावत होता. दोन्हींत ताकद आहे. अभ्यासकानं दोन्ही एका मापानं मोजू नयेत, एवढंच.

५. उत्तर देणारा श्रोता पडद्यावर गेला की खुर्चीतला श्रोता गप्प होतो.

गाडगेबाबा अमरावती जिल्ह्यातल्या शेंडगावचे. त्यांच्या कीर्तनाला आख्यान असं नसायचंच. ते प्रश्न टाकत, समोरची माणसं उत्तर देत, आणि त्या उत्तराच्या बोटाला धरून पुढचा प्रश्न येई. कर्ज, दारू, नवसाचं बोकड, सगळं लोकांच्याच तोंडून वदवून घेतलं जाई. १९५६ साली, अखेरच्या दिवसांत, मुंबईत झालेलं त्यांचं एक कीर्तन ध्वनिमुद्रित आहे. मी वर्गात ते लावतो तेव्हा मुलांना बाबांइतकाच तो जमाव ऐकायला सांगतो. अर्धं कीर्तन तिथे आहे.

राजदत्त यांच्या 'देवकीनंदन गोपाळा' (१९७७) चित्रपटात श्रीराम लागूंनी बाबा उभे केले, आणि फार चांगले केले. पण तिथे उत्तर देणारी माणसंही पडद्यावरच आहेत. आपण कीर्तन ऐकणाऱ्यांना पाहतो. बाबांचा प्रश्न आपल्यापर्यंत येतो, आपली पाळी मात्र येत नाही.

६. गोष्ट कुठे थांबवली ते टिपून ठेवा.

अकोल्याच्या राजराजेश्वर मंदिराची दंतकथा मी जुन्या शहरातल्या एका मावशींकडून ऐकली. अकोलसिंगाची बायको मध्यरात्री पूजेला जायची. नवऱ्याला संशय आला.

"थो तलवार घेऊन मांगं मांगं गेला," मावशी शेंगा सोलता सोलता सांगत होत्या. "तिनं देवाले हाक मारली. पिंड फाटली, बाई अंदर गेली. पदर तेवढा भाईर राह्यला."

"मंग त्यानं काय केलं?"

"थे आता तूच सांग, बापू."

आणि त्यांनी टोपलीतल्या शेंगा पुढ्यात ओढल्या. हीच दंतकथा इंग्रजी अमदानीतल्या जिल्हा गॅझेटियरमध्येही नोंदलेली आहे. तिथे ती स्थळाची माहिती होऊन बसते, वाचणाऱ्याला काही विचारत नाही. श्रावणातल्या शेवटच्या सोमवारी गांधीग्रामहून पूर्णेचं पाणी घेऊन कावडी येतात, तेव्हा ती सांगायला कुणाला सवडच नसते. देव तोच, पण तिथे गोष्टीची जागा अनवाणी चालण्यानं घेतलेली असते.

७. कधी कधी ऐकणाराच पात्र होतो.

कौंडिण्यपूर हे रुक्मिणीचं माहेर, आणि अमरावतीच्या अंबादेवीच्या देवळातून कृष्णानं तिला नेलं, अशी श्रद्धा. तिचं स्वयंवर नरेंद्र कवीनं काव्यात बांधलं, एकनाथांनी बांधलं. त्याही आधी महदंबेनं रिद्धपुरात, चक्रधरस्वामींचे गुरू गोविंदप्रभू यांच्या लग्नसोहळ्यात, त्याचे धवळे म्हणजे लग्नगीतं गायिली. काव्य वाचणारा बाहेर उभा राहून लग्न पाहतो. धवळे म्हणणारी बाई मांडवात असते. कौंडिण्यपूरची पालखी आषाढीला पंढरपूरला निघते, तेव्हा तर चालणारा प्रत्येक जण लेकीकडे निघालेलं माहेरचं माणूस असतो. त्याला कथा ऐकवावी लागत नाही, तो तिच्यात नांदतो.

म्हणून नव्या विद्यार्थ्याला मी एकच काम देतो. आपल्या गावची एक गोष्ट घे. ती तीन ठिकाणी गाठ : एकदा कुणाच्या तोंडून, एकदा छापलेली, एकदा मंचावर, पडद्यावर किंवा मिरवणुकीत. वहीत दोन रकाने कर. पहिल्यात लिही, काय दाखवलं. दुसऱ्यात लिही, काय तुझ्यावर सोडलं. पहिला रकाना सगळ्यांचा भराभर भरतो. दुसऱ्याशी जो चार दिवस झटतो, त्याला पुढे प्रॉप समजावून सांगायला मला वेळ लागत नाही.