फडातल्या बायकांना बोलू दे

चि. ओंकारास,


तुझं ऊसतोडीचं चित्रण काल पाहिलं. फडातलं धुकं, सपासप चालणारे कोयते, कोपीपुढची चूल, सगळं देखणं आहे. मात्र त्यात एकही बाई तुला उलट काही विचारत नाही, ते खटकलं.

आनंद पटवर्धनांचा ‘हमारा शहर’ (१९८५) पुन्हा बघ. झोपड्या पाडल्या जात असताना एक बाई चित्रीकरण करणाऱ्यांनाच फैलावर घेते. फोटो काढून आमचं काय भलं होणार, असा तिचा रोख. पटवर्धनांनी तो भाग कापला नाही. माझ्या मते तो सिनेमा तिथेच उभा राहतो. तुझ्यावर कुणी अशी चिडली तर कॅमेरा बंद करू नकोस आणि संकलनात तिला गाळू नकोस.

त्याच सिनेमात शाहीर विलास घोगरे गातात. ११ जुलै १९९७ला घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात १० माणसं गेली आणि काही दिवसांतच घोगऱ्यांनी आत्महत्या केली. तिथून सुरू झालेला पटवर्धनांचाच ‘जय भीम कॉम्रेड’ पुरा व्हायला १४ वर्षं लागली. तू इतकं थांबावंस असं म्हटलं तर तुझी आई मला घरात घेणार नाही. पण एक हंगाम तरी टोळीबरोबर काढ. गाव सोडण्यापासून, आगाऊ घेतलेली उचल फिटली की अंगावर राहिली, हे कळेपर्यंत.

टोळीचा मुकादम शेजारी उभा असताना बाईला उचलीचं विचारू नकोस. पुढच्या वर्षीची उचलही त्याच्याच हातात असते, तेव्हा ती खरं कशाला सांगेल? तिला फडात अडवूनही ठेवू नकोस. नवरा-बायको मिळून एक कोयता धरतात, पैसे टनावर. तुझ्या अर्ध्या तासाची तूट दोघांच्या हिशेबात पडते. संध्याकाळी भाकरी थापताना ती बोलली तर ऐक. आवाज नीट आला नाही तरी चालेल.

गर्भपिशवी काढण्याच्या ऑपरेशनचा विषय तू काढू नकोस. २०१९मध्ये बीडमधल्या या ऑपरेशनच्या बातम्या गाजल्या, तेव्हापासून माइक घेऊन येणारा प्रत्येक जण तेच विचारतो. तिनं आपणहून सांगितलं तर ते चित्रण तिला दाखव आणि काही दिवस जाऊ देऊन पुन्हा विचार, ठेवू का म्हणून. कागदावर अंगठा घेतला म्हणजे काम झालं, असं समजू नकोस. सिनेमा पुरा होईपर्यंत तिला नाही म्हणता आलं पाहिजे.

‘जय भीम कॉम्रेड’ वस्त्यावस्त्यांत दाखवला गेला. तुझाही पहिला खेळ महोत्सवात नको, त्यांच्या गावात होऊ दे. देवळापुढे पडदा लावलास की मुकादमही येऊन बसणार, म्हणून आधी बायकांना वेगळं दाखव. त्या सांगतील ते काढ. प्रोजेक्टरचं भाडं माझ्याकडून घे.

तुझी,
मीनाआत्या