लिंबावरील फुलपाखरूं व त्याची अळी

नाशिक रोडच्या आसपास द्राक्षें व कांदा यांकडे आपलें जितकें लक्ष असतें, तितकें विहिरीजवळच्या लिंबाकडे नसतें. नवी पालवी फुटते, काळ्या पंखांवर पिवळे ठिपके असलेलें फुलपाखरूं तिच्याभोंवतीं घिरट्या घालतें, आणि कांहीं दिवसांनीं लहान रोपाच्या नुसत्या काड्या उरतात. या दोन गोष्टींचा संबंध दाखविणें हा या लेखाचा हेतु आहे.

या फुलपाखरास शास्त्रांत पॅपिलिओ डेमोलिअस म्हणतात. त्याच्या पंखांचा विस्तार तीन ते चार इंच असून मागील पंखांवर तांबडा ठिपका असतो. फुलपाखरूं केवळ मध पितें. पानें खाते ती त्याची अळी. कागदी लिंबू, मोसंबी, संत्रें, बेल व बावची यांवर ती जगते.

मादी कोंवळ्या पानांवर एकेक सुटें, पिवळसर, गोल अंडें घालते. तीन ते सहा दिवसांत अळी बाहेर पडते. लहानपणीं ती काळपट, पांढऱ्या डागांची, पक्ष्याच्या विष्ठेसारखी दिसते. म्हणून पक्षी व माळी दोघेही फसतात. शेवटची कात टाकल्यावर ती हिरवीगार होते. तिला डिवचलें असतां डोक्यामागून दोन फांटे असलेलें शिंग बाहेर काढून ती उग्र वास सोडते. पुढें रेशमी धाग्यानें स्वतःस काडीस बांधून ती कोशांत जाते. अनुकूल हवेंत हा सर्व फेरा सुमारें महिन्याभरांत पुरा होतो.

मोठें झाड थोड्या अळ्यांचें नुकसान सहज भरून काढतें. रोपवाटिकेंतील रोपास तें साधत नाहीं. यास्तव मृग, हस्त व आंबे या तिन्ही बहारांच्या पालवीवर दर तीन-चार दिवसांनीं नजर फिरवून रोपांवरील अंडीं व अळ्या हातानें वेंचाव्या. रोपें पुष्कळ असल्यास अळ्या लहान असतांनाच बॅसिलस थुरिंजेन्सिस हें जिवाणूचें औषध सायंकाळीं फवारावें. सरसकट जहाल विष फवारल्यास या अंड्यांत आपलीं अंडीं घालून त्यांचा नाश करणारे ट्रायकोग्रामासारखे सूक्ष्म मित्रकीटकही मरतात.

आणखी एक सूचना. महाराष्ट्र शासनानें २०१५ सालीं राज्याचें फुलपाखरूं म्हणून ज्यास मान दिला, त्या नीलवंताची अळीही लिंबाच्या जातीच्या झाडांवरच वाढते. तेव्हां रोपें जरूर राखावीं. पण वाढलेल्या झाडावर चार अळ्या दिसल्या तर त्यांस त्यांचा वांटा खुशाल खाऊं द्यावा.