मुलांच्या मनाचे डॉक्टर

वर्धा शहरापासून सुमारे ८ किलोमीटरवर सेवाग्राम आश्रम आहे. तेथे गांधीजींच्या कुटीपासून जवळच परचुरे शास्त्रींची कुटी आहे. परचुरे शास्त्री हे संस्कृतचे पंडित होते. पण त्यांना कुष्ठरोग जडला होता. त्या काळी लोकांना या रोगाची फार लाज वाटे. घरचे लोकही रोग्याला दूर लोटीत. १९३९ साली शास्त्री आश्रमाच्या दारी आले, तेव्हा गांधीजींनी त्यांना ठेवून घेतले आणि स्वतःच्या हातांनी त्यांची शुश्रूषा केली. रोग हा रोग्याचा अपराध नव्हे, हेच त्यांनी आपल्या कृतीने शिकविले.

आज कुष्ठरोगावर खात्रीचे औषध आहे. परंतु लाजेपोटी लपविले जाणारे आजार अद्यापि आहेत. मनाचे आजार हे त्यांपैकीच होत. ते मोठ्यांना होतात, तसेच मुलांनाही होतात. मुलांच्या अशा आजारांवर जे डॉक्टर उपचार करतात, त्यांना बालमानसोपचारतज्ज्ञ म्हणतात.

त्यांचे काम कसे चालते, हे कळण्यासाठी एक उदाहरण घेऊ. आर्वी तालुक्यातील एका खेड्यात बारा वर्षांची एक मुलगी राहते, अशी कल्पना करा. गेल्या वर्षी तिचे वडील वारले. आई दुसऱ्यांच्या शेतात कापूस वेचावयास जाते. दररोज सकाळी शाळेची वेळ झाली की मुलीच्या पोटात कळा येऊ लागतात. रविवारी मात्र पोट दुखत नाही. कोणी म्हणतो, “ही ढोंग करते.” कोणी म्हणतो, “हिला बाहेरची बाधा झाली.” मुलगी बिचारी गप्प बसते. अखेर शाळेतल्या बाई आईला म्हणतात, “ताई, हिला एकदा मोठ्या दवाखान्यात दाखवा.”

तेथे डॉक्टरबाई प्रथम मुलीचे शरीर तपासून घेतात, कारण पोटाचा खराच विकार असला तर तो निसटता कामा नये. मग त्या तिच्यापुढे कागद व रंग ठेवतात. घाई करीत नाहीत, रागावत नाहीत. आईशी व शिक्षिकेशीही वेगळे बोलतात. दुसऱ्या-तिसऱ्या भेटीत मुलगी हळूच म्हणते, “मी शाळेत गेले आणि मागे आईला काही झाले तर?”

दुखणे सापडले! मुलगी खोटे बोलत नव्हती. मनातल्या भीतीनेच तिचे पोट खरोखर दुखत होते. मग उपचार सुरू होतो. पहिल्या दिवशी शाळेच्या फाटकापर्यंत जावयाचे, पुढे एक तास वर्गात बसावयाचे, असे पाऊल पाऊल चालत धीर वाढवावयाचा. औषध गरज असेल तरच द्यावयाचे. आई आणि शिक्षिका यांचे साहाय्य मात्र हवेच.

ही विद्या फार जुनी नाही. १९०९ साली अमेरिकेतील शिकागो शहरी विल्यम हीली या डॉक्टरांनी गुन्ह्याकडे वळलेल्या मुलांची मने अभ्यासण्यासाठी एक संस्था काढली. लिओ कॅनर या डॉक्टरांनी ११ मुलांचे बारकाईने निरीक्षण केले आणि १९४३ साली स्वमग्नता या अवस्थेचे वर्णन जगापुढे मांडले. आपल्या देशातील पहिले बालमार्गदर्शन केंद्र १९३७ साली मुंबईत टाटांच्या समाजकार्य विद्यालयात निघाले.

हा व्यवसाय करू इच्छिणाऱ्याला दीर्घकाळ शिकावे लागते. बारावीनंतर प्रवेशपरीक्षा, मग एम.बी.बी.एस.ची साडेपाच वर्षे, त्यानंतर मानसोपचारशास्त्राची तीन वर्षे. पुढे केवळ मुलांच्या मनाचा अभ्यास करावयाचा असेल, तर बंगळूरच्या निम्हान्ससारख्या संस्थेत आणखी तीन वर्षे.

या अभ्यासाची वाट वर्धा जिल्ह्यातूनही जाते. गांधीजींच्या शिष्या डॉ. सुशीला नय्यर यांनी १९६९ साली, गांधीजींच्या जन्मशताब्दीच्या वर्षी, सेवाग्रामला वैद्यकीय महाविद्यालय सुरू केले. तेथे मानसोपचाराचा विभागही आहे. येथील नवे विद्यार्थी प्रथम काही दिवस आश्रमात राहतात. पुढे खेड्यात मुक्काम करून घरोघरी जातात. माणसाच्या घरची स्थिती कळल्यावाचून त्याचे दुखणे कळत नाही, हा धडा त्यांना पुस्तकाआधीच मिळतो.

मुलांनो, तुमचा एखादा सोबती एकाएकी अबोल झाला, खेळेनासा झाला, तर त्याला चिडवू नका. त्याच्याजवळ बसा, त्याचे ऐका आणि विश्वासाच्या मोठ्या माणसाला सांगा. तुमचेच मन जड झाले, तर तुम्हीही सांगा. २०२२ साली सरकारने सुरू केलेल्या टेलि-मानस सेवेच्या १४४१६ या क्रमांकावर बोलता येते; त्यास पैसे पडत नाहीत. मोडलेला हात दाखविण्यात जशी लाज नाही, तशीच दुखावलेले मन दाखविण्यातही नाही.

स्वाध्याय

१. मुलीचे पोट रविवारी का दुखत नसे?
२. डॉक्टरबाईंनी प्रथम मुलीचे शरीर का तपासले?
३. परचुरे शास्त्रींची हकिकत या पाठात का सांगितली आहे, ते तुमच्या शब्दांत लिहा.