आकाशातला हिरवा उजेड

नॉर्वे हा देश पार उत्तरेला आहे. तिथे ट्रॉम्सो नावाचे शहर आहे. डिसेंबरात तिथे सूर्य उगवतच नाही. पण रात्री आभाळात कधी कधी हिरवा उजेड नाचतो. त्याला ध्रुवीय प्रकाश म्हणतात.

हा उजेड येतो कुठून? सूर्यापासून विजेने भारलेले बारीक कण निघतात. पृथ्वीची चुंबकशक्ती त्यांना ध्रुवांच्या बाजूला वळवते. तिथे ते उंचावरच्या हवेवर आदळतात आणि हवा उजळते. हे घडते जमिनीपासून सुमारे १०० किलोमीटर वर, आणि त्याच्याही वर. ढग असतात त्याच्या कितीतरी खाली. म्हणून ढग आले, की उजेड झाकला जातो.

मग लोक काय करतात? सात-आठ जण मिळून लहान मोटारीतून निघतात. बरोबर वाटाड्या असतो. तो हवामानाचा अंदाज पाहतो. जिकडे आभाळ मोकळे, तिकडे गाडी नेतो. कधी तर फिनलंडच्या हद्दीपर्यंत जावे लागते. थंडी कडाक्याची असते. माणसे थोडी असली, म्हणजे कोण गारठले ते त्याला लगेच कळते.

पण एक ध्यानात ठेवा, बरं का! वाटाड्या मोकळे आभाळ शोधील. उजेड आणणे त्याच्या हाती नाही. म्हणून पैसे देण्याआधी कागद नीट वाचावा. उजेड दिसला नाही, तर पैसे परत मिळतील का? गरम कपडे कोण देणार? परत कधी येणार? लिहिलेले नसेल, तर विचारावे. विचारायला लाज कसली? उजेड न दिसता परतलो, तरी मग फसलो असे वाटत नाही.