नोंदवहीतील आपले नाव : परिचारिकांच्या नोंदणीचे नूतनीकरण



आपल्या वस्तीतील मुलगी नर्सिंगची परीक्षा पास झाली की घरोघर पेढे वाटले जातात आणि प्रमाणपत्र चौकटीत बसवून भिंतीवर लावले जाते. त्यात गैर काहीच नाही. त्या कागदामागे आईवडिलांचे कष्ट असतात. परंतु आम्ही आज ज्या कागदाविषयी लिहीत आहोत, तो भिंतीवरचा नव्हे. तो आहे नर्सिंग कौन्सिलच्या नोंदवहीतील आपल्या नावाचा. भिंतीवरचा कागद जन्मभर टिकतो. नोंदवहीतील नाव मात्र मुदतीगणिक जिवंत ठेवावे लागते.

हा फरक न कळल्यामुळे काय होते, ते आम्ही जवळून पाहिले आहे. आमच्या ओळखीच्या एका भगिनीने जी.एन.एम. पूर्ण करून काही वर्षे खासगी इस्पितळात काम केले. पुढे लग्न, दोन बाळंतपणे, सासूबाईंचे आजारपण, यांत आठ वर्षे गेली. मुले शाळेत जाऊ लागल्यावर तिने भरतीचा अर्ज भरला, रात्री जागून अभ्यास केला आणि निवड यादीत तिचे नाव आले. कागदपत्रे तपासण्याच्या दिवशी तिला विचारले गेले, "बाई, रिन्युअल कुठे आहे?" तिच्याजवळ उत्तर नव्हते. गुण होते, अनुभव होता, पण नोंदणीची मुदत केव्हाच संपली होती. पुढे विलंब शुल्क भरून तिने नूतनीकरण करून घेतले. ती जागा मात्र तोवर गेली होती. असा प्रसंग दुसऱ्या कोणावर येऊ नये, एवढ्यासाठीच हा पाठ.

नोंदणी म्हणजे काय?

परीक्षा पास होणे ही पात्रता होय. नोंदणी हा काम करण्याचा कायदेशीर अधिकार होय. ए.एन.एम.चा अभ्यासक्रम दोन वर्षांचा, जी.एन.एम.चा तीन वर्षांचा आणि बी.एस्सी. नर्सिंगचा चार वर्षांचा. यांपैकी कोणताही पूर्ण केला तरी राज्याच्या परिषदेकडे नाव नोंदवल्याशिवाय परिचारिका म्हणून रीतसर काम करता येत नाही.

ही पद्धत सहजासहजी आलेली नाही. परिचारिकांच्या नोंदणीसाठी स्वतंत्र कायदा प्रथम न्यूझीलंडने १९०१ साली केला. इंग्लंडमध्ये एथेल बेडफर्ड फेनविक यांनी त्यासाठी सुमारे तीस वर्षे चळवळ केली, तेव्हा १९१९ साली कायदा झाला. तेथील नोंदवहीत पहिल्या क्रमांकावर त्यांचेच नाव आहे. विशेष म्हणजे फ्लॉरेन्स नाइटिंगेल यांचा नोंदणीला विरोध होता. एकदा परीक्षा दिली म्हणजे कोणी कायमची चांगली परिचारिका ठरत नाही, असे त्यांचे म्हणणे होते. नोंदणी आली आणि टिकली, पण त्या आक्षेपातील सत्यही कोणाला नाकारता आले नाही. आम्हांला वाटते, नूतनीकरण हे त्याच आक्षेपाला दिलेले उत्तर आहे.

आपल्याकडे मुंबई प्रांतात १९३५ साली नोंदणीचा कायदा झाला. स्वातंत्र्यानंतर देशभर शिक्षणाचा दर्जा समान राहावा म्हणून १९४७ च्या कायद्याने भारतीय परिचर्या परिषद निर्माण झाली आणि राज्यातील निरनिराळे कायदे एकत्र करून महाराष्ट्र परिचारिका अधिनियम, १९६६ करण्यात आला. २०२३ साली संसदेने राष्ट्रीय परिचर्या व प्रसूतिविद्या आयोगाचा कायदा संमत केला; त्यातही राष्ट्रीय आणि राज्य नोंदवहीची तरतूद आहे. कायदे बदलतात, परंतु नोंदवही राहतेच, हे ध्यानात घ्यावे.

पाच वर्षे आणि १५० तास

महाराष्ट्रात नोंदणीचे नूतनीकरण दर पाच वर्षांनी करावयाचे असते. त्याला आता निरंतर परिचर्या शिक्षणाची जोड आहे. भारतीय परिचर्या परिषदेने यासाठी पाच वर्षांत १५० तास ठरवून दिले. आकडा मोठा वाटतो, पण हिशेब करून पाहा : वर्षाला ३० तास, म्हणजे महिन्याला अवघे अडीच तास. शेवटच्या महिन्यात धावपळ करणारीला हे ओझे वाटते. दरवर्षी एकदोन कार्यशाळा करणारीला वाटत नाही. कार्यशाळा परिषदेने मान्य केलेली आहे ना, हे पैसे भरण्याआधी विचारावे आणि प्रमाणपत्र त्याच दिवशी मागून घ्यावे.

नाव आणि कागद

आमच्या पाहण्यात सर्वाधिक अडचण येते ती नावाची. दहावीच्या गुणपत्रिकेवर माहेरचे नाव, आधार कार्डावर सासरचे, बँकेत तिसरेच. लग्नानंतर नाव बदलले असल्यास विवाह नोंदणी प्रमाणपत्र किंवा राजपत्रातील प्रसिद्धी हा पुरावा वेळीच तयार ठेवावा. नाव बदलायचे नसेल तर सर्वत्र माहेरचेच ठेवावे. त्यात कमीपणा नाही. मूळ प्रमाणपत्र लॅमिनेट करू नये, कारण त्यावर शिक्का किंवा नोंद घेण्याची वेळ आल्यास पंचाईत होते. अर्ज ऑनलाइन भरताना स्वतःचाच मोबाइल नंबर द्यावा, सायबर कॅफेवाल्याचा नव्हे, आणि पावतीची प्रत जपून ठेवावी. शुल्क व कागदपत्रांची यादी वेळोवेळी बदलते, म्हणून अर्जापूर्वी परिषदेची ताजी सूचना स्वतः वाचावी.

राज्याबाहेर आणि देशाबाहेर

दुसऱ्या राज्यात नोकरी करायची तर तेथील परिषदेकडे नोंदणी करावी लागते आणि त्यासाठी मूळ परिषदेकडील नोंद चालू असावी लागते. परदेशी जाणारीच्या बाबतीत तेथील संस्था आपल्या परिषदेकडून पडताळणी मागवते. तेथेही नूतनीकरण चुकत नाही. ब्रिटनमध्ये २०१६ पासून दर तीन वर्षांनी किमान ४५० तासांचे प्रत्यक्ष काम आणि ३५ तासांचे शिक्षण दाखवावे लागते. कॅलिफोर्नियात दर दोन वर्षांनी ३० तासांचे शिक्षण लागते. तेव्हा हा त्रास केवळ आपल्याच वाट्याला आला आहे, असे समजण्याचे कारण नाही.

हे कोणासाठी?

काही भगिनी म्हणतात, "वीस वर्षे इंजेक्शने देतोय, आता आम्हांला काय शिकवणार?" त्यांचा अनुभव आम्ही मानतो. परंतु खाटेवरील रुग्ण आपल्या दंडात सुई टोचणारीचे शिक्षण तपासू शकत नाही. त्याच्या वतीने ते नोंदवही तपासते. दुसरी बाजूही तितकीच महत्त्वाची आहे. काही खासगी दवाखान्यांत दहावी-बारावी झालेल्या गरीब मुलींना पांढरा कोट घालून तुटपुंज्या पगारावर 'सिस्टर' म्हणून उभे केले जाते. त्यांत आपल्याही मुली असतात. चूक झाली की दोष त्यांच्या माथी येतो. शिकलेली परिचारिका आणि अशी राबवली जाणारी मुलगी यांत कायद्याच्या दृष्टीने जी रेघ आहे, ती नोंदवहीची. ती रेघ आपण आपल्या आळसाने पुसू नये.

म्हणून आमची विनंती एवढीच. हा अंक खाली ठेवल्यावर घरातील फाइल काढा. नोंदणीची मुदत कोणत्या तारखेला संपते ते पाहा आणि ती तारीख घरच्या कॅलेंडरवर सहा महिने आधीच लिहून ठेवा. नोकरी सुटली असेल, मूल लहान असेल, तरी नूतनीकरण सोडू नका. ज्यांना अर्ज भरता येतो त्यांनी शेजारणीला सोबत घेऊन बसावे. नोकरी आज नसली तरी उद्या मिळेल, पण त्या दिवशी नोंदवहीत आपले नाव हजर असले पाहिजे.