नाहीसे होणारे संदेश आणि कार्यालयीन अभिलेख

बोललेला शब्द विरून जातो, लिहिलेला शब्द टिकतो, ही समजूत फार जुनी आहे. भ्रमणध्वनीवरील संदेशसेवांनी मात्र या दोहोंमधील सीमारेषा पुसट केली आहे. ठरावीक मुदतीनंतर आपोआप नाहीसा होणारा लिखित संदेश हे या सेवांचे एक वैशिष्ट्य होय. हा प्रकार कसा चालतो आणि सार्वजनिक कामकाजात त्याबाबत कोणती दक्षता आवश्यक आहे, याचा येथे विचार केला आहे.

उगम व कार्यपद्धती

अमेरिकेत २०११ साली सुरू झालेल्या स्नॅपचॅट या सेवेमुळे ही कल्पना लोकप्रिय झाली. पाठविलेले छायाचित्र पाहून होताच दिसेनासे व्हावे, ही तिच्यामागील योजना होती. आपल्याकडे सर्वपरिचित असलेल्या व्हॉट्सॲपने नोव्हेंबर २०२० मध्ये सात दिवसांनी नाहीशा होणाऱ्या संदेशांची सोय केली. २०२१ मध्ये तीत २४ तास व ९० दिवस या मुदतींची भर पडली.

ही सोय सुरू केल्यानंतर पाठविलेल्या प्रत्येक संदेशाला मुदत जोडली जाते आणि मुदत भरताच संभाषणातील तो संदेश पुसला जातो. आधीचे संदेश मात्र जागेवरच राहतात. तसेच मुदतीपूर्वी कोणी पडद्याचे छायाचित्र काढून ठेवले किंवा संदेश अन्यत्र पाठविला, तर तो मागे उरू शकतो. संदेश कायमचे नाहीसे होतात हे स्नॅपचॅटचे आश्वासन दिशाभूल करणारे आहे, असा आक्षेप अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने २०१४ मध्ये घेतला होता. ते प्रकरण तडजोडीने मिटले. सारांश, असा संदेश लपवू पाहणाऱ्यास पूर्ण संरक्षण देत नाही आणि जपू पाहणाऱ्याच्या हातून मात्र निसटतो.

खाजगी आणि सार्वजनिक

कौटुंबिक अथवा आजारपणाविषयीच्या खाजगी बोलण्यासाठी ही सोय उपयुक्त आहे, यात शंका नाही. सार्वजनिक कामाची गोष्ट वेगळी. समजा, नळयोजना बंद पडल्याची तक्रार एखाद्या ग्रामस्थाने केवळ गावाच्या गटावर टाकली आणि त्या गटावर सात दिवसांची मुदत लागू आहे. तीन महिन्यांनी तक्रार केव्हा आली, असा प्रश्न निघाला, तर ग्रामस्थाजवळ पुरावा नाही आणि ग्रामपंचायतीच्या दप्तरीही नोंद नाही. यात हानी दोघांचीही होते.

माहितीचा अधिकार अधिनियम, २००५ मधील अभिलेखाच्या व्याख्येत संगणकाने किंवा अन्य साधनाने तयार झालेल्या मजकुराचाही समावेश आहे. अभिलेख सुव्यवस्थित ठेवणे हे त्याच अधिनियमाच्या कलम ४ अन्वये सार्वजनिक प्राधिकरणाचे कर्तव्य आहे. ब्रिटनमधील कोविड चौकशीत स्कॉटलंडच्या शासनातील वरिष्ठांचे संदेश पुसले गेल्याचे उघड झाले. त्यानंतर तेथील शासनाने शासकीय कामासाठी अशा संदेशसेवांचा वापर थांबविण्याचा निर्णय २०२४ च्या अखेरीस जाहीर केला.

काय करता येईल?

कामकाजाच्या गटावर ही सोय बंद ठेवावी आणि ती बदलण्याचा अधिकार केवळ गटप्रमुखाकडे राहील अशी योजना करावी. गटावर आलेली तक्रार पाठविणाऱ्याच्या नावासह त्याच दिवशी आवक नोंदवहीत घ्यावी. तोंडी अथवा संदेशाद्वारे मिळालेल्या आदेशाची लेखी टिपणी धारिकेत ठेवावी. सभेची सूचना विहित पद्धतीने द्यावी. गटावरील संदेश ही त्या सूचनेची केवळ पुरवणी समजावी. शिक्षकांनी विद्यार्थ्यांस एवढे अवश्य सांगावे की, एकदा पाठविलेले छायाचित्र आपल्या ताब्यात राहत नाही, मग मुदत कितीही लहान असो.

पुण्याच्या पुराभिलेखागारातील पेशवे दप्तराचे मोडी कागद दोन शतकांनंतरही अभ्यासकांना वाचता येतात. ते लिहिणाऱ्या कारकुनांना पुढचा वाचक ठाऊक नव्हता. त्यांनी आपल्या कामाची नोंद ठेवली, इतकेच. आजच्या नळयोजनेची, शाळेची आणि रस्त्याची नोंद पुढच्या पंचायतीच्या हाती लागावी, ही जबाबदारी आता आपल्यावर आहे.