लोहमार्ग, स्टेशन आणि वस्ती

लोहमार्ग येतो तेथे वस्ती वाढते, असे म्हणण्याचा प्रघात आहे. हे म्हणणे अर्धेच खरे होय. वस्ती रुळांच्या कडेने वाढत नाही; गाडी जेथे थांबते आणि माल जेथे चढतो-उतरतो, तेथे ती वाढते. कुरुळी व आसपासच्या गावांतील शेतकरी बंधूंस हा भेद विशेष उपयोगाचा आहे, म्हणून तो विषय आम्ही आज विचारास घेत आहोत.

अमेरिकेत 1862 सालच्या कायद्याने आगगाडीच्या कंपन्यांस मार्गाच्या दोन्ही अंगांच्या जमिनी मिळाल्या. त्याच सालच्या दुसऱ्या कायद्याने वसाहत करणाऱ्यास 160 एकरांपर्यंत जमीन मिळू लागली. 10 मे 1869 रोजी पूर्वेकडचे व पश्चिमेकडचे रूळ एकमेकांस जोडले गेले. कंपन्यांनी स्टेशने नेमली, भोवती भूखंड पाडले आणि विकले. ती भूमी निर्जन मात्र नव्हती. मूळ रहिवाशांस हुसकावून ही वसाहत झाली. सारांश, तेथे रूळ आधी आणि गाव मागाहून.

आपल्याकडे गावे, वाटा व आठवड्याचे बाजार पूर्वीच ठरलेले होते. 1853 साली मुंबई-ठाणे, 1858 साली खंडाळा-पुणे आणि 1863 साली बोरघाट, असा लोहमार्ग खुला होत गेला. त्याने येथे ओसाड मुलूख वसविला असे थोडेच घडले. असलेली वस्ती व व्यापार एका जागेवरून दुसऱ्या जागी हलविण्याचे काम त्याने अधिक केले.

याचे ठळक उदाहरण नगर जिल्ह्यातील होय. 1878 साली दौंड-मनमाड मार्ग सुरू झाला. प्रवराकाठचे बेलापूर हे जुने गाव. परंतु त्याच्या नावाचे स्टेशन पडले गावापासून दूर. पुढे 1926 साली भंडारदरा धरण पुरे झाले, कालव्यांखाली ऊस वाढला, आणि त्या स्टेशनाभोवती श्रीरामपूर हे शहर उभे राहिले. दुसरे उदाहरण किर्लोस्करवाडीचे. लोखंडी नांगराच्या कारखान्यासाठी लक्ष्मणराव किर्लोस्करांनी 1910 साली औंध संस्थानात कुंडल रोड स्टेशनाजवळचा ओसाड माळ पसंत केला. कच्चे लोखंड व कोळसा आणणे आणि जड नांगर दूरदेशी पाठविणे स्टेशनाजवळच परवडणारे होते.

आता आपल्या परिसराकडे पाहू. पुण्याचा लोहमार्ग चिंचवड व तळेगाव येथून गेला. चाकण-कुरुळीची बाजू त्याच्या उत्तरेस काही कोसांवर राहिली. 1954 साली पिंपरीस प्रतिजैविकांचा सरकारी कारखाना निघाला. 1962 साली औद्योगिक विकास महामंडळ स्थापन झाल्यावर त्या पट्ट्यात कारखान्यांची दाटी झाली, आणि 1982 साली पिंपरी-चिंचवड महानगरपालिका झाली. हे सारे श्रेय रुळांस देणे न्याय्य नव्हे. मुंबईचा हमरस्ताही तेथूनच जातो. इकडे कुरुळीच्या बाजूस शेतीच मुख्य राहिली, व चाकणचा बाजार कांद्यासाठी नावाजला. 1990 नंतर कारखाने आले ते पुणे-नाशिक रस्त्याच्या आधाराने.

पुणे-नाशिक लोहमार्गाची मागणी जुनी आहे. आखण्या झाल्या व बदलल्या. खोडद येथील रेडिओ दुर्बिणीस बाधा येईल म्हणून एका आखणीस हरकतही निघाली. मार्ग कोठून जावा हे ठरविणे शेतकऱ्याच्या हाती नाही. पूर्वतयारी मात्र आहे. त्यासंबंधी आमच्या चार सूचना आहेत.

पहिली, आखणीची नुसती वार्ता ऐकून जमीन विकू नये. स्टेशनामुळे वाढलेली किंमत बहुधा शेवटच्या खरेदीदारास मिळते, पहिल्या विकणाऱ्यास नव्हे.

दुसरी, सातबाऱ्यावर वारसांच्या नोंदी आजच करून घ्याव्यात. भावकीचा तंटा उभा असला की मोबदला अडकून पडतो.

तिसरी, खरेदीखतात खरी किंमत लिहावी. 2013 सालच्या भूसंपादन कायद्यान्वये मोबदला ठरविताना आसपासच्या नोंदलेल्या व्यवहारांच्या किमती पाहिल्या जातात. मुद्रांकाचे चार पैसे वाचविण्यासाठी एकाने किंमत कमी दाखविली, तर तिचा भुर्दंड साऱ्या शिवारास बसू शकतो.

चौथी, रुळांचा भराव शेताचे दोन तुकडे करतो व ओढ्याचे पाणी अडवितो. म्हणून मोऱ्या, बैलगाडी व ट्रॅक्टर जाईल असे भुयारी रस्ते आणि कांद्यासाठी हवेशीर मालधक्का यांची मागणी गावाने लेखी व एकमुखाने आखणीच्या वेळीच करावी. भराव पडल्यानंतर ती मान्य होणे फार कठीण.

गाडी गावाजवळून नुसती धावत गेली तर गावाच्या वाट्यास धूळ येते. ती थांबली तर बाजार येतो. त्या बाजारात आपण विकणारे राहावयाचे की जमीन विकून हमाल व्हावयाचे, ह्याचा विचार प्रत्येक शेतकरी कुटुंबाने आधीच करून ठेवावा, अशी आमची विनंती आहे.